पेन्सिलीतली दीड पानं

५ जानेवारी, रविवार

शेवटी ते लोढणं माझ्याच गळ्यात पडलं. मार्चअखेर चर्चला सव्वाशे वर्षं पूर्ण होताहेत, तर जुन्या पाळकसाहेबांच्या उपदेशांचं पुस्तक काढायचं असं पंच कमिटीने ठरवलं. ठरवायला यांचं काय जातं? पाळकसाहेब एकतीस वर्षं पुलपीटवर, उपदेशाच्या चौथऱ्यावर, उभे राहिले ते हातात चिटोरंही न घेता. दोन वर्षांपूर्वी पक्षाघाताने त्यांची वाचा गेली. मग उपदेश आणायचे कुठून? तर माझ्या कपाटातून. मी कोर्टात लघुलेखक होतो. आठवड्याचे सहा दिवस लिहूनही हाताची खाज भागायची नाही, म्हणून रविवारी तिसऱ्या बाकाजवळ छोटं टेबल मांडून त्यांचा उपदेश लघुलिपीत उतरवून घ्यायचो. त्रेसष्ट वह्या भरल्या आहेत. एकही रविवार चुकवला नाही.

सेक्रेटरी म्हणाला, काका, चाळीस निवडा, टाईप करून द्या, आणि प्रस्तावनेत उपदेशांचा सगळा इतिहास लिहा, दोन पानांत बसवा. दोन हजार वर्षं दोन पानांत. हा पोरगा माझ्यासमोर चड्डी सावरत संडेस्कूलला यायचा, आता मला पानं मोजून देतो.

ही म्हणाली, तुम्हाला मनातून आवडलंय ते, उगाच चरफडू नका. बायकोला सगळं कळतं असा हिचा समज आहे.

८ जानेवारी, बुधवार

इतिहास वाचतोय. पहिल्या काही शतकांत उपदेशक बसून बोलायचा आणि ऐकणारे उभे असायचे. आमच्या मंडळींना असं उभं केलं तर पहिल्या गाण्यानंतर चर्च रिकामं होईल. लोक टाळ्या वाजवायचे, मोठमोठ्याने दाद द्यायचे. पुढे कुठेकुठे पुलपीटवर वाळूचं घड्याळ ठेवायला लागले. ज्या पाळकांना धड बोलता येत नसे त्यांच्यासाठी छापील उपदेशांची पुस्तकं निघाली, ती वाचून दाखवायची.

पण मला सगळ्यात आवडलं ते वेगळंच. जुने मोठमोठे उपदेशक पुष्कळदा लिहून आणत नसत. पुलपीटखाली लघुलेखक बसायचे आणि ऐकता ऐकता उतरवून घ्यायचे. दीड हजार वर्षांपूर्वीचं त्यांचं बोलणं आज आपल्याला वाचायला मिळतं ते त्या बसलेल्या माणसांमुळे. त्यांची नावंसुद्धा कोणाला ठाऊक नाहीत. हे मी चांगलं पाऊण पान लिहिलं. सेक्रेटरी म्हणाला, हे काढा काका, लोकांना यात काय इंटरेस्ट. मी काढणार नाही.

१२ जानेवारी, रविवार

नवे पाळक भिंतीवर पडदा लावून उपदेश करतात. तीन मुद्दे, तीन रंग. आज मधेच वीज गेली आणि दुसरा मुद्दा काय होता ते त्यांनाच आठवेना. नाचता येईना अंगण वाकडं, म्हणे जुनं वायरिंग आहे.

घरी आलो तर माझ्या चष्म्याची काडी निखळलेली. लघुलिपीच्या बारीक रेघा त्याशिवाय दिसत नाहीत, काम ठप्प. ही म्हणाली, गुरुवारी ताईकडे जाणारच आहे, तिच्या गल्लीतल्या नेहमीच्या चष्मेवाल्याकडून करून आणते. ही दर गुरुवारी डबा भरून ताईकडे जाते. गेली कित्येक वर्षं जाते. ताईला एवढं काय झालंय कोण जाणे, लग्नाकार्यात भेटते तेव्हा तर ठणठणीत असते.

१६ जानेवारी, गुरुवार

चष्मा आला. नुसती काडी नाही, भिंगंही बदलून दिलीत. नंबर कसा कळला विचारलं तर ही म्हणाली, जुन्या भिंगावरून कळतो. वाचायला घेतलं आणि रेघ न् रेघ स्वच्छ दिसली. चष्मेवाल्याने पैसे घेतले नाहीत म्हणे. ताईचा शेजारधर्म.

कामाची पद्धत इथे लिहून ठेवतो, प्रस्तावनेत लागेल. मला ज्यांनी लघुलिपी शिकवली ते कोर्टातले वरिष्ठ फार कडक होते. त्यांचा नियम असा: कानाने ऐकलं ते शाईत. हात मागे पडला आणि काही सुटलं तर तेवढी जागा कोरी सोडायची, आणि त्याच दिवशी आठवून ती भरायची, पण पेन्सिलीने. म्हणजे उद्या कोणी विचारलं तर ऐकलेलं कुठलं आणि आठवलेलं कुठलं ते दिसतं. मी आयुष्यभर हा नियम पाळला. त्रेसष्ट वह्यांत पेन्सिलीचे शब्द हाताच्या बोटांवर मोजण्याइतके निघतील.

२ फेब्रुवारी, रविवार

सव्वीस उपदेश झाले. मान मोडली. सेक्रेटरी रोज फोन करून विचारतो, कुठवर आलं. उंटावरून शेळ्या हाकायला काय लागतं.

आज उपासनेनंतर त्याने सगळ्यांसमोर सांगितलं की पुस्तकातला पहिला उपदेश 'दार उघडं ठेवा' हाच असेल. लोकांनी माना डोलावल्या. हा सतरा वर्षांपूर्वीचा, बायबलमधल्या उधळ्या मुलाच्या दाखल्यावरचा: पोरगा वाटणी घेऊन घरातून जातो, सगळं उधळून परत येतो आणि बाप त्याला जवळ घेतो. तेव्हा मीच टाईप करून प्रती वाटल्या होत्या. अर्ध्या मंडळीला तो पाठ आहे. प्रवेशदारावरच्या पाटीवरही त्यातलंच वाक्य आहे: 'दार उघडं ठेवणं एवढंच बापाचं काम.'

माझं तर आयुष्यच त्या वाक्यावर चाललं आहे. मी दार कधी लावलं नाही. कोणी आलं नाही त्याला मी काय करणार?

९ फेब्रुवारी, रविवार

त्या उपदेशाची वही काढली. ती काढायची म्हणजे तो महिना आठवणार हे माहीतच होतं.

लेक तेव्हा चोवीस वर्षांची होती. खटपटी करून मी तिला कोर्टात लघुलेखकाची कायम नोकरी मिळवून दिली. एक्केचाळिसाव्या दिवशी तिने राजीनामा दिला. कशासाठी, तर भिंगं घासायच्या कारखान्यात शिकाऊ म्हणून जायला. मी तिथल्या साहेबांना शब्द दिला होता. कोर्टात तोंड दाखवायची सोय राहिली नाही. त्या संध्याकाळी आमचं वाजलं. ती वाटेल ते बोलायला लागली, आणि उद्या नाकबूल करेल म्हणून मी वही काढून तिचं बोलणं उतरवून घ्यायला लागलो. मग तिला वाचून दाखवलं, आठ वाजून वीस मिनिटांनी तू असं म्हणालीस. ती म्हणाली, "बाबा, मी बोलतेय आणि तुम्ही लिहिताय." बॅग भरली आणि गेली. मला अजूनही वाटतं, माझं चुकलं नाही. पुरावा तो पुरावा.

त्यानंतरच्या दुसऱ्या रविवारी हा उपदेश झाला. वही उघडली तर सुरुवातीची सहा पानं शाईत आणि पुढची दीड पानं पेन्सिलीत. 'दार उघडं ठेवणं एवढंच बापाचं काम' हे त्या पेन्सिलीतच आहे. 'शोधत मागे जाणं म्हणजे लेकराचा हट्ट पोसणं' हेही. पेनातली शाई संपली असावी. नाहीतर खोकल्याची उबळ आली असेल, तेव्हा मला खोकला होता.

१३ फेब्रुवारी, गुरुवार

ही ताईकडे गेली आणि मी टाईप केलेली पानं घेऊन पाळकसाहेबांकडे गेलो. ते खिडकीजवळच्या खुर्चीत असतात, डावा हात तेवढा चालतो. डोळे मात्र लख्ख. पाळकीणबाई चहा ठेवून शेजारी बसल्या. मी 'दार उघडं ठेवा' वाचून दाखवला. शेवटाकडे आलो तसे पाळकसाहेब डाव्या हाताचं बोट पानावर आपटायला लागले. मला भरून आलं. म्हटलं, साहेब, हे सगळ्यांनाच आवडतं. ते पुन्हा पानावर बोट आपटायचे आणि मग दाराकडे करायचे, पुन्हा पान, पुन्हा दार. वारा लागत असेल म्हणून मी उठून दार लावून घेतलं. त्यावर त्यांनी डोळे मिटून घेतले. दमले असतील.

निघताना पाळकीणबाई म्हणाल्या, सासूबाई अंथरुणाला खिळल्या होत्या तेव्हा त्यांच्यासाठी काही रविवार आम्ही कॅसेटवर घेतले होते, पिशवीभर आहेत, हव्यात का? टेपरेकॉर्डर माझ्याच टेबलामागच्या खिडकीत ठेवायच्या म्हणे. मी साफ विसरलो होतो. पिशवी घेऊन आलो. वह्या असताना कॅसेटची गरज नाही, पण प्रस्तावनेत लिहिता येईल की ताडून पाहिलं.

१८ फेब्रुवारी, मंगळवार

चार कॅसेट ताडून पाहिल्या. एका शब्दाचा फरक नाही. म्हातारा झालो तरी सांगतो, असा हात आता होणे नाही.

२१ फेब्रुवारी, शुक्रवार

'दार उघडं ठेवा'ची कॅसेटही पिशवीत निघाली. कोणीतरी छेडछाड केलेली आहे. शेवटचं बोलणं वेगळंच आहे. दुसऱ्या कुठल्या रविवारचं जोडलं गेलं असेल. कॅसेटवर भरवसा ठेवायचाच नसतो.

२२ फेब्रुवारी, शनिवार

पुन्हा ऐकली. तीन वेळा. जोडलेलं नाही.

जे ऐकलं ते लिहितो, शाईत.

एकतिसाव्या मिनिटाला पाळकसाहेब म्हणतात, "आज मी या बापाचं कौतुक करणार नाही." मग थांबतात. इथपर्यंत माझ्या वहीत आहे, फक्त हे वाक्य नाही. त्यानंतर टेपवर पेनाचं टोपण लावल्याचा आवाज येतो. खुर्ची सरकते. पावलं वाजतात, दार उघडतं आणि बंद होतं. खोकला कुठेही नाही.

पावलं माझी आहेत. डाव्या बुटाची टाच तेव्हा करकरायची.

पाळकसाहेब दार बंद होईपर्यंत गप्प आहेत. मग म्हणतात, "याच अध्यायात मेंढरू हरवलं तर माणूस रान तुडवत गेला. नाणं हरवलं तर बाईने दिवा लावून घर झाडलं. आणि पोर हरवलं तेव्हा घरातलं कोणी उंबऱ्याबाहेर पाऊल टाकलं नाही. पोर काय नाण्यापेक्षा स्वस्त झालं? वाट बघत बसलेला माणूस पुष्कळदा आपल्या मोठेपणाची राखण करत बसलेला असतो. ज्याच्या घरातून कोणी गेलं असेल त्याने आज जेवायच्या आधी जावं." असं नऊ मिनिटं बोलले आहेत. इतका मऊ आवाज मी त्यांचा दुसऱ्या कुठल्याही रविवारी ऐकलेला नाही. म्हणजे हाही ऐकलेला नाहीच.

मी बाहेर सायकलींजवळ उभा होतो. आता आठवतंय. घरी येऊन जागा भरली, नियमाप्रमाणे त्याच दिवशी. कोणाच्या आठवणीतून भरली हा प्रश्न मला तेव्हा पडला नाही. सोमवारी टाईप करून प्रती वाटल्या. दोनशे माणसांनी खरा उपदेश कानांनी ऐकला होता, पण महिन्याभरात सगळे माझाच खरा म्हणायला लागले. छापील कागदापुढे माणसाचा स्वतःच्या कानावर विश्वास राहत नाही.

२४ फेब्रुवारी, सोमवार

सेक्रेटरीला सांगितलं. हे पान खोटं आहे, माझं आहे, पाळकसाहेबांचं नाही. त्याने शांतपणे ऐकलं आणि म्हणाला, "काका, लोकांना आवडतंय ना? पाटी लागली, छपाईचे फॉर्म प्रेसला गेले. आता कशाला हात दाखवून अवलक्षण?" मी म्हटलं, फॉर्म परत मागव. म्हणाला, पाळकसाहेब तरी कुठे तक्रार करताहेत.

या वाक्यावर मी जो बसलो तो बराच वेळ उठलो नाही. माझा संताप होतोय आणि तो कोणावर काढायचा ते कळत नाही. सेक्रेटरीवर काढून पाहिला, पुरला नाही.

२५ फेब्रुवारी, मंगळवार

आज पाळकसाहेबांकडे गेलो. कॅसेट लावली. ती संपेपर्यंत ते माझ्याकडे बघत होते. मी पेन्सिलीची ती दीड पानं त्यांच्यासमोर ठेवली आणि म्हटलं, साहेब, त्या दिवशी तुमचं बोट मला कळलं नाही. माझ्या हातात पेन्सिल होती ती त्यांनी डाव्या हाताने काढून घेतली आणि पानावर आडवी रेघ मारली. वाकडी, थरथरती. मग दुसऱ्या पानावर. पाच मिनिटं लागली असतील. पाळकीणबाई मदतीला सरकल्या तर त्यांना मानेनेच नको म्हणाले. रेघ झाल्यावर त्यांनी पेन्सिल टाकली आणि माझ्या दंडाला धरून मला दाराकडे ढकललं. जोर फार नव्हता. मी तरी हललो नाही. म्हटलं, साहेब, सतरा वर्षं झाली, आता कुठे शोधू, तिचा पत्तासुद्धा नाही. त्यांनी पुन्हा ढकललं.

२६ फेब्रुवारी, बुधवार

हिला सगळं सांगितलं. ही कणीक मळत होती. हात न थांबवता म्हणाली, "माहीत आहे. तुम्ही उठून गेलात. मी शेवटपर्यंत बसले होते."

मी विचारलं, मग बोलली का नाहीस? तर म्हणाली, "बोलले होते. तुम्ही वही काढून दाखवलीत, म्हणालात बघ, यात कुठे आहे. माझ्याकडे काय वही होती?"

हे मला आठवत नाही. पण मी असंच केलं असणार.

मग हात धुऊन समोर बसली. तो उपदेश ऐकल्यावर दुसऱ्याच दिवशी ही लेकीच्या कारखान्यात गेली होती. जेवायच्या आधी जा म्हणाले होते पाळकसाहेब, पण तुम्ही घरात होतात, मला सोमवार उजाडला, म्हणाली. तेव्हापासून दर गुरुवारी लेकीकडेच जाते. लेकीचं आता स्वतःचं दुकान आहे, बस थांब्याच्या मागे, भिंगं अजूनही ती स्वतःच बसवते.

मला माहीत नव्हतं, असं लिहायला पेन उचललं आणि खाली ठेवलं. गल्लीतल्या चष्मेवाल्याला माझा नंबर सतरा वर्षं कसा कळतो, हा प्रश्न मी एकदाच विचारला आणि मिळालेलं उत्तर लगेच घेतलं. ताकाला जाऊन भांडं हिने लपवलं असेल, पण मीही कधी वाकून बघितलं नाही. भांडं दिसलं असतं तर उंबरा ओलांडावा लागला असता.

मी विचारलं, तिने कधी काही विचारलं का माझ्याबद्दल? ही म्हणाली, "दर वेळी डोळ्यांचं विचारते." मग कणीक पुन्हा पुढ्यात घेतली. मला रडू आलं, आणि ते हिला दिसलं याचा रागही आला.

५ मार्च, बुधवार

प्रेसमध्ये स्वतः जाऊन बसलो. सेक्रेटरीने आदळआपट केली, कमिटीसमोर नेलं. मी सांगितलं, तो उपदेश एकतिसाव्या मिनिटापर्यंत शाईतला आणि पुढचा कॅसेटवरचा छापा, नाहीतर माझ्या वह्यांतला एकही उपदेश छापू नका. नवे पाळक माझ्या बाजूने बोलले, पडद्याशिवाय. हे मला अपेक्षित नव्हतं, त्यांच्याबद्दल वर लिहिलंय ते तसंच राहू देतो. पाटी उतरवायची की नाही यावर मात्र दीड तास चर्चा होऊन काही ठरलं नाही.

लघुलेखकांवरचं पाऊण पान मी स्वतःच कापलं आणि तिथे एवढंच ठेवलं: 'जुने उपदेश आपल्याला लिहून घेणाऱ्यांच्या हातून मिळाले आहेत. ते सगळे शेवटपर्यंत बसले होतेच असं धरून चालू नये. या पुस्तकाचा लेखनिक एकदा उठून गेला होता.'

सेक्रेटरी म्हणाला, एवढं करून तुम्हाला काय मिळालं काका? मला वाटलं होतं, छापून झालं की बरं वाटेल. तसं काही वाटलं नाही. पाळकसाहेबांनी मला प्रेसच्या दाराकडे ढकललं नव्हतं.

६ मार्च, गुरुवार

ही डबा भरत होती. मी म्हटलं, मीही येतो. ही म्हणाली, "ताईकडे?" आणि तोंड फिरवून हसली. मग म्हणाली, आधी जेवून घ्या, दुपार होईल. मी म्हटलं, नको, जेवायच्या आधीच जाऊ.

बसमध्ये सवयीने खिसा चाचपला. वही नव्हती, पेनही नव्हतं. मीच टेबलावर ठेवून आलो होतो, तरी दोनदा चाचपला.

दुकान लहान आहे, स्वच्छ आहे. ती भिंग घासत होती. केसांत पांढरं आलंय. तिने आईकडे बघितलं, मग माझ्याकडे. उठून आली आणि माझा चष्मा काढला, काडी थोडी वाकवली, पुसला आणि पुन्हा डोळ्यांवर बसवला. म्हणाली, "बाबा, हा एका बाजूला कलतो. किती दिवस असाच घालताय?" मी म्हटलं, बरेच दिवस.

मग ती बोलायला लागली. दीड तास बोलली, मधे गिऱ्हाईक आलं त्याला परत पाठवून बोलली. काही माझ्यावर रागावून, काही रडून. मी स्टुलावर बसून शेवटपर्यंत ऐकलं.

ती काय म्हणाली ते इथे लिहीत नाही.